एका वर्षाचा महापौर: स्टेपनी, 1919-20 – एक प्रकरण अभ्यास

नोव्हेंबर 1919 मध्ये लंडनच्या पूर्व भागातील स्टेपनी या बरोच्या (स्वतःची पालिका असलेल्या विभागाच्या) कौन्सिलची निवडणूक झाली आणि 60 पैकी 43 जागा मजूर पक्षाने जिंकल्या. महायुद्धामुळे 1915 ची नियोजित निवडणूक झालीच नव्हती, त्यामुळे 1912 नंतर प्रथमच मतदान होत होते. शिवाय 1918 च्या कायद्याने मतदारयादी रुंदावली होती आणि कर भरणाऱ्या भाडेकरूच्या तीस वर्षांवरील पत्नीलाही स्थानिक निवडणुकीत मत मिळाले होते. पक्षाच्या हाती बहुमत आले, पण सभागृह चालवण्याचा अनुभव निवडून आलेल्यांपैकी फारच थोड्यांना होता. महापौरपदासाठी त्यांनी निवडलेला माणूस या 43 जणांत नव्हता. क्लेमंट ॲटली हे 36 वर्षांचे बॅरिस्टर नुकतेच लष्करातून मेजर म्हणून परतले होते, लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये शिकवत होते, आणि स्वतः उमेदवार न राहता त्यांनी पक्षाची प्रचारमोहीम हाताळली होती.

हेच ॲटली 1945 मध्ये ब्रिटनचे पंतप्रधान झाले आणि भारताच्या स्वातंत्र्याचे विधेयक जुलै 1947 मध्ये त्यांनीच कॉमन्स सभागृहात मांडले, त्यामुळे मराठी वाचकाला नाव परिचयाचे आहे. या लेखाचा विषय मात्र त्यांची पंतप्रधानकी नाही. ज्या पदाला स्वतःचे अधिकार जवळजवळ नाहीत, ज्याची मुदत एकच वर्ष आहे आणि जे एका अतिशय गरीब वस्तीचे आहे, त्या पदावर बसलेला माणूस प्रत्यक्षात काय करू शकतो, हा या प्रकरणाचा प्रश्न आहे. ॲटलींच्या चरित्रांत हे वर्ष बहुधा दोन-चार परिच्छेदांत उरकले जाते. माझ्या मते नगरपालिकेच्या कारभारात रस असलेल्या माणसाने थांबून पाहावे असे ते वर्ष आहे.

पद आणि त्याची चौकट

1899 च्या कायद्याने लंडन शहरात 28 महानगरी बरो निर्माण झाले आणि स्टेपनी त्यांपैकी एक होता. व्हाइटचॅपल, लाइमहाउस, माइल एंड, वॉपिंग, शॅडवेल, रॅटक्लिफ अशा जुन्या वस्त्या त्यात एकत्र आल्या होत्या आणि 1921 च्या जनगणनेच्या सुमारास लोकसंख्या अडीच लाखांच्या आसपास होती, म्हणजे आकाराने ते एक लहानसे शहरच होते. नदीकाठच्या गोद्यांत रोजंदारीवर राबणारे, बहुतांशी आयरिश कॅथलिक मजूर एका बाजूला, आणि रशियन साम्राज्यातील छळाला कंटाळून आलेले, शिवणकामावर जगणारे यहुदी दुसऱ्या बाजूला, अशी या वस्तीची ढोबळ विभागणी होती. गोदीतील मजुराला रोज सकाळी फाटकावर उभे राहावे लागे. मुकादमाने बोट दाखवले तर त्या दिवसाची रोजी, नाही तर घरचा रस्ता.

या बरोचा महापौर नगरसेवक निवडत, तोही एका वर्षासाठी, आणि तो सभागृहाबाहेरचा असला तरी चाले. पदाचे स्वरूप आपल्या मुंबईच्या महापौरासारखेच, बरेचसे मानाचे होते. फरक असा की मुंबईत कार्यकारी अधिकार आयुक्तांच्या हाती असतात, तर लंडनच्या बरोमध्ये तसा अधिकारी नव्हता. कारभार सभागृहाच्या समित्या चालवत आणि टाउन क्लार्क (म्हणजे पालिकेचा सचिव), आरोग्य अधिकारी व अभियंता त्या समित्यांचे ठराव अंमलात आणत. त्यामुळे महापौराला हुकूम काढता येत नसला तरी समित्यांना कामाला लावता येत असे, अर्थात त्याला समिती म्हणजे काय हे कळत असेल तर.

बरोच्या हाती काय होते आणि काय नव्हते, हेही पाहिले पाहिजे. रस्ते, कचरा, सार्वजनिक स्नानगृहे, वाचनालये, वीजपुरवठा, माता-बालकांचे आरोग्य आणि घरांची स्वच्छताविषयक तपासणी ही कामे बरोची होती. शाळा आणि मोठी मलनिःसारण व्यवस्था लंडन काउंटी कौन्सिलकडे होती, पोलीस गृहखात्याकडे, आणि गरिबांना मदत देण्याचे काम ‘गार्डियन’ नावाच्या वेगळ्याच निर्वाचित मंडळांकडे होते. ही मंडळे खर्च करत आणि त्याची पट्टी बरोने आपल्या रहिवाशांकडून वसूल करून द्यायची, ही व्यवस्था पुढे फार महागात पडणार होती.

वकिलीचे अपुरे शिक्षण आणि पूर्व लंडनचे पुरे शिक्षण

ॲटलींचा जन्म 3 जानेवारी 1883 चा, लंडनच्या पटनी भागातील सुखवस्तू घरातला. वडील हेन्री ॲटली हे नामांकित सॉलिसिटर होते आणि सॉलिसिटरांच्या संस्थेचे, म्हणजे लॉ सोसायटीचे, अध्यक्षपदही त्यांनी भूषवले. मुलगा हेलीबरी या शाळेत शिकला. कंपनी सरकारचे मुलकी अधिकारी जिथे तयार होत त्याच जुन्या कॉलेजच्या जागेवर ही शाळा उभी आहे. ऑक्सफर्डला इतिहासात दुसरा वर्ग मिळवून त्यांनी इनर टेंपलमधून 1906 मध्ये बॅरिस्टरची सनद घेतली. वकिली चालली नाही, म्हणजे खरे तर त्यांनी ती चालवण्याचा जोरही लावला नाही. हाती आलेली प्रकरणे बोटांवर मोजण्याइतकी होती आणि 1908 मध्ये वडील वारल्यावर मिळालेल्या वारशाच्या बेताच्या उत्पन्नावर राहता येईल असे दिसताच त्यांनी तो व्यवसाय सोडून दिला.

मन गुंतले होते दुसरीकडे. शाळेच्या माजी विद्यार्थ्यांनी स्टेपनीत गरीब मुलांसाठी एक क्लब चालवला होता. तिथे ॲटली 1905 च्या ऑक्टोबरात भावाबरोबर गेले, मग आठवड्यातून एकदा जाऊ लागले आणि 1907 पासून त्याचे व्यवस्थापक म्हणून तिथेच राहिले. हा क्लब म्हणजे स्वयंसेवी कॅडेट पलटणीची एक तुकडी होती. दिवसभर गोदीत किंवा कारखान्यात राबून आलेल्या पोरांना संध्याकाळी कवायत आणि खेळ शिकवणे हे काम असल्याने ॲटलींना सेकंड लेफ्टनंटचा दर्जा घ्यावा लागला. पूर्व लंडनमध्ये त्यांचे सैनिकपण असे युद्धाच्या आठ वर्षे आधीच सुरू झाले होते. घरून कॉन्झर्व्हेटिव्ह मते घेऊन आलेला हा तरुण या वास्तव्यात समाजवादी झाला. 1908 मध्ये ब्रिटनमधील स्वतंत्र मजूर पक्षाच्या स्टेपनी शाखेत दाखल झाला आणि 1909 मध्ये बरो कौन्सिलला उभा राहून पडला. त्या निवडणुकीत त्याला 69 मते मिळाली.

याच काळात समाजवादी अभ्यासक बिआट्रिस वेब यांनी गरिबांच्या कायद्याविरुद्ध (गरिबांना मदत देण्याच्या जुन्या ‘पुअर लॉ’विरुद्ध) चालवलेल्या मोहिमेत त्यांनी सचिव म्हणून राबणूक केली. 1911 मध्ये अर्थमंत्री लॉइड जॉर्ज यांचा राष्ट्रीय विमा कायदा लोकांना समजावून सांगण्यासाठी सरकारने नेमलेल्या व्याख्यात्यांपैकी ते एक होते आणि त्यासाठी सायकलवरून गावोगाव हिंडले. कायद्याचे कलम सामान्य माणसाच्या भाषेत उलगडून सांगणे हे काम कोर्टात उभे राहण्यापेक्षा वेगळे आहे. महापौर म्हणून त्यांना जी वकिली उपयोगी पडली ती या जातीची होती, असे मला वाटते. पुढे 1912 मध्ये लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये समाजकार्याचे व्याख्याते म्हणून त्यांची नेमणूक झाली.

गॅलिपोली ते मेसोपोटेमिया

युद्ध सुरू झाले तेव्हा ॲटली 31 वर्षांचे होते आणि वय जास्त म्हणून भरतीत प्रथम अडचण आली. थोरला भाऊ टॉम युद्धाला नैतिक विरोध असल्यामुळे लढण्यास नकार देऊन तुरुंगात गेला. धाकटा क्लेमंट साउथ लँकेशायर रेजिमेंटच्या सहाव्या बटालियनमध्ये अधिकारी झाला. दोघांचे संबंध या कारणावरून तुटले नाहीत, हे नोंदवण्यासारखे आहे, कारण महापौर झाल्यावर ज्या पक्षाचे नेतृत्व ॲटलींनी केले त्या पक्षातही युद्धविरोधक आणि युद्धावरून परतलेले एकाच बाकावर बसत होते.

1915 मध्ये तुर्कस्तानातील गॅलिपोलीत त्यांना अतिसाराने गाठले आणि माल्टाच्या इस्पितळात जावे लागले. त्यामुळे सारी बैरच्या ज्या चढाईत त्यांच्या बटालियनची कत्तल झाली तीत ते नव्हते. डिसेंबरात सुव्ला उपसागराचा किनारा रिकामा करण्याचे ठरले तेव्हा शेवटची फळी धरून ठेवण्याचे काम त्यांच्या कंपनीकडे आले. किनाऱ्यावरून निघणाऱ्यांत शेवटून दुसरे ॲटली होते आणि अगदी शेवटचे जनरल मॉड. पुढे मेसोपोटेमियात (आजच्या इराकमध्ये), एप्रिल 1916 मध्ये हन्नाच्या लढाईत, आपल्या तोफखान्याला फळी कुठवर सरकली ते कळावे म्हणून तांबडे निशाण घेऊन ते शत्रूच्या खंदकाकडे जात असताना आपल्याच बाजूच्या तोफगोळ्याचे तुकडे त्यांच्या मांडीत घुसले. उपचारासाठी त्यांना आधी जहाजाने मुंबईला आणि नंतर मायदेशी नेण्यात आले. 1917 मध्ये मेजर झाल्यावर 1918 मध्ये ते फ्रान्सच्या आघाडीवर गेले, तिथे पुन्हा जखमी झाले आणि युद्धविराम झाला त्या दिवशी लंडनच्या इस्पितळात होते. नंतर कित्येक वर्षे लोक त्यांना ‘मेजर ॲटली’ म्हणूनच ओळखत.

या लष्करी अनुभवाचा पालिकेच्या कामाशी संबंध लावताना शौर्याचा विचार बाजूला ठेवावा. कंपनी कमांडरचे रोजचे काम म्हणजे शिधा आला का, बूट फाटले का, संडास खणले का, पहारा कोणाचा, हे पाहणे. कमी माणसांत आणि कमी वेळात कोणते काम आधी हाती घ्यायचे याचा निर्णय रोज घ्यावा लागतो, आणि घेतलेला निर्णय अंमलात आला की नाही हे स्वतः जाऊन बघावे लागते. सुव्लाच्या माघारीत तर सगळे यश वेळापत्रक पाळण्यात होते.

महापौरपदासाठी बाहेरचा माणूस का?

जानेवारी 1919 मध्ये लष्करातून सुटल्यावर ॲटली पूर्व लंडनला परतले. ऑस्कर टोबिन नावाच्या, रुमानियातून आलेल्या यहुदी औषधविक्रेत्याने स्टेपनीतील विखुरलेले मजूरगट एकत्र बांधण्याचे काम हाती घेतले होते आणि त्यांना ॲटली हवे होते. मार्चमधील लंडन काउंटी कौन्सिलच्या निवडणुकीत ॲटली लाइमहाउसमधून उभे राहिले आणि थोडक्यात पडले. त्यांनी लाइमहाउसमध्येच एक मोठे, मोडकळीला आलेले घर घेतले, खालचा मजला पक्षाच्या क्लबला दिला, वरच्या खोल्या भाड्याने लावल्या आणि त्यांतच आपलाही संसार थाटला; संसार म्हणजे एकट्याचाच, कारण लग्न 1922 मध्ये झाले.

नोव्हेंबरच्या विजयानंतर आयरिश नगरसेवकांना यहुदी महापौर आणि यहुदी नगरसेवकांना आयरिश महापौर सहज पचला नसता. ॲटली दोन्हींपैकी कोणीही नव्हते. शिवाय कायद्याची भाषा येणारा, टाउन क्लार्कशी बरोबरीने बोलू शकणारा, युद्धातून आल्यामुळे ज्याच्या देशभक्तीवर विरोधकांना बोट ठेवता येणार नाही असा माणूस नव्या पक्षाला हवाच होता. वर्गाने वरचा असल्यामुळे तो स्वीकारार्ह ठरला ही गोष्ट मजूर पक्षाच्या दृष्टीने थोडी अडचणीची आहे, पण ती झाकण्यात अर्थ नाही. दुसऱ्या बाजूने असेही म्हणता येईल की हा माणूस दहा-बारा वर्षे त्याच गल्ल्यांत राहिलेला होता आणि त्याने कवायत शिकवलेली पोरे आता मतदार झाली होती.

नोटीस

या वर्षातले सर्वांत महत्त्वाचे काम घरांचे होते. युद्धाच्या काळात बांधकाम थांबले होते, घरे जुनी आणि ओली होती, एकेका खोलीत एकेक कुटुंब राहत होते. नवी घरे बांधण्याचा मार्ग कागदावर खुला होता: 1919 च्या ॲडिसन कायद्याने स्थानिक संस्थांनी बांधलेल्या घरांच्या तुटीचा मोठा वाटा सरकारी तिजोरीतून द्यायचे ठरले होते. पण स्टेपनीत मोकळी जमीनच नव्हती; काउंटी कौन्सिलने पूर्व लंडनच्या लोकांसाठी जी मोठी वसाहत बांधली ती बेकनट्री येथे, शहराबाहेर एसेक्समध्ये. राहण्यास अयोग्य ठरवून घर पाडावे तर आतल्या माणसांनी जायचे कुठे, हा प्रश्न उरे. तेव्हा आहे ते घर दुरुस्त करून घेणे एवढाच मार्ग महापौराच्या आवाक्यात होता, आणि दुरुस्तीचा खर्च घरमालकाने करायचा होता.

त्यासाठी लागणारा कायदा जुनाच होता. लंडनचा 1891 चा सार्वजनिक आरोग्य कायदा बरोच्या सॅनिटरी इन्स्पेक्टरला घरात शिरून तपासणी करण्याचा अधिकार देत होता. दोष आढळला की आधी सूचनापत्र जाई, मग मुदत घालून रीतसर नोटीस, आणि तरीही काम झाले नाही तर मालकाला दंडाधिकाऱ्यासमोर खेचता येई. 1919 च्या कायद्याने यात भर घातली: मजुरांना भाड्याने दिलेले घर मालकाने राहण्याजोगे ठेवले नाही तर नोटिशीनंतर कौन्सिलने स्वतः दुरुस्ती करावी आणि खर्च मालकाकडून वसूल करावा. नोटिशीत मजकूर असे तो अगदी साधा: फुटलेली कौले बदलणे, मोरीची तुंबलेली नळी मोकळी करणे, भिंतीतली ओल काढणे, संडासाला पाण्याची टाकी बसवणे, जिन्याची मोडकी पायरी दुरुस्त करणे.

कायदा असून तो चालत का नव्हता? एक कारण माणसांचे होते: इन्स्पेक्टर थोडे आणि घरे हजारो. दुसरे कारण राजकीय होते. लंडनच्या स्थानिक कारभारात घरमालक आणि त्यांचे मुखत्यार स्वतःच सभागृहात बसतात ही फार जुनी तक्रार होती, आणि अशा सभागृहाला आपल्याच सदस्यांवर नोटिसा बजावण्याची घाई नसे. तिसरी अडचण खास लंडनची होती. जमीन एका सरदाराची, 99 वर्षांचा पट्टा दुसऱ्याकडे, त्याने तो तिसऱ्याला दिलेला, आणि दर सोमवारी दारात येऊन भाडे नेणारा चौथाच. यांतला मालक कोण? 1891 च्या कायद्याने याचे उत्तर देऊन ठेवले होते. जागेचे पुरे भाडे प्रत्यक्ष हाती घेणारा तो मालक, मग तो स्वतःसाठी घेवो अथवा दुसऱ्याचा मुखत्यार म्हणून. म्हणजे दारात येणाऱ्या वसुलीवाल्यावरही नोटीस बजावता येत होती. ‘मालक परगावी आहेत’ ही सबब चालवून घ्यायची की नाही हे सभागृहाच्या इच्छेवर होते, कायद्याचा अडथळा नव्हता.

ॲटलींच्या कौन्सिलने ही इच्छा दाखवली. सॅनिटरी इन्स्पेक्टर आणि घरोघर जाणाऱ्या आरोग्यसेविका नेमल्या गेल्या, घरांची पाहणी झाली, नोटिसा निघाल्या आणि त्या तडीस नेण्यात आल्या. शेवटचा भाग सर्वांत महत्त्वाचा आहे. नोटीस काढणे कोणालाही जमते. तिची मुदत संपली त्या दिवशी पुन्हा इन्स्पेक्टर पाठवणे, काम झाले नसेल तर दंडाधिकाऱ्याकडे जाणे, आणि ही साखळी कुठेही सुटू न देणे हे कारभाराचे काम आहे. वकिलाला नोटिशीचे बळ माहीत असते आणि कंपनी कमांडरला पाठपुराव्याचे.

त्याच वर्षी संसदेने या साखळीला आणखी एक कडी जोडली. युद्धकाळात, 1915 च्या कायद्याने, भाडी गोठवण्यात आली होती. आपल्याकडे मुंबईतही 1918 मध्ये तसाच कायदा आला होता. 1920 च्या नव्या कायद्याने विलायतेतील मालकांना भाडे काही प्रमाणात वाढवण्याची मुभा मिळाली, पण एक अट होती. घर पुरेसे दुरुस्त नाही असा दाखला भाडेकरूने आरोग्य खात्याकडून आणला तर कोर्ट ती वाढ स्थगित करू शकत असे. दाखल्याची फी एक शिलिंग होती. हा दाखला देणारे खाते बरोचे होते. म्हणजे ज्या बरोत इन्स्पेक्टर पुरेसे आणि कामाला तयार होते तिथल्या भाडेकरूच्या हातात खरे हत्यार आले आणि जिथे ते नव्हते तिथे कायद्याचे कलम कागदावर राहिले. भाडेकरूची तक्रार, इन्स्पेक्टरची भेट आणि मालकाची दुरुस्ती यांचा आर्थिक संबंध आता थेट जोडला गेला.

याच काळात स्टेपनीतील बालमृत्यूचे प्रमाण घटले आणि त्याचे श्रेय ॲटलींच्या खात्यावर मांडले जाते. इथे थोडे सावध राहिलेले बरे. बालमृत्यू त्या वर्षांत सगळ्याच लंडनमध्ये कमी होत होते, 1918 च्या माता-बालकल्याण कायद्याने स्थानिक संस्थांना आरोग्यसेविका आणि केंद्रांवर खर्च करण्याची वाट मोकळी करून दिली होती, आणि एका वर्षाच्या महापौराने नेमलेल्या माणसांच्या कामाचा परिणाम त्याच्या कारकिर्दीनंतरच दिसणार. ॲटलींच्या कौन्सिलने उपलब्ध कायद्यातली जागा रिकामी सोडली नाही, इतके निश्चित म्हणता येते. ज्या कारभाऱ्यांनी पोस्टे भरली, नोंदवह्या ठेवल्या आणि जिने चढले त्यांची नावे कोणत्याही चरित्रात सापडत नाहीत.

घरपट्टीपुढे थांबलेला कायदा

घरे सुधारण्याचा पैसा मालकाकडून काढता आला. बेकारांना पोसण्याचा पैसा कोणाकडून काढायचा याला स्थानिक कायद्यात उत्तर नव्हते. युद्धानंतरची तेजी 1920 च्या उन्हाळ्यानंतर ओसरली आणि सैन्यातून परतलेली माणसे गोदीच्या फाटकावर बिनकामाची उभी राहू लागली. रस्त्यांची आणि बरोची इतर कामे काढून काही जणांना रोजगार देण्याचा प्रयत्न कौन्सिलने केला, पण तो पुरेसा होणे शक्य नव्हते.

लंडनमधील मजूर पक्षाच्या महापौरांनी एकत्र संघटना केली होती आणि ॲटली तिचे अध्यक्ष होते. 18 ऑक्टोबर 1920 रोजी या महापौरांचे शिष्टमंडळ पंतप्रधान लॉइड जॉर्ज यांच्याकडे गेले; पॉप्लरचे महापौर जॉर्ज लॅन्सबरी त्यात होते. बाहेर बेकारांचे मोर्चे जमले होते आणि व्हाइटहॉलमध्ये पोलिसांनी लाठीमार केला. भेटीतून बेकारांच्या पदरात तातडीने पडावे असे फारसे निघाले नाही.

खरे दुखणे घरपट्टीच्या रचनेत होते. लंडनमध्ये गरिबांच्या मदतीचा बराचसा बोजा ज्या त्या वस्तीवर होता, म्हणजे जिथे बेकारी जास्त तिथेच पट्टीचा दर जास्त, आणि तिथलीच घरे सर्वांत स्वस्त. घरांच्या भाडेमूल्याच्या एका पौंडामागे एक पेनी पट्टी लावली तर श्रीमंत वेस्टमिन्स्टरमध्ये सुमारे 31,000 पौंड जमत. शेजारच्या पॉप्लरमध्ये साडेतीन हजारांच्या आसपास. गरिबाने गरिबाला पोसायचे, असा हा न्याय होता. 1921 मध्ये पॉप्लरच्या नगरसेवकांनी काउंटी कौन्सिल व इतर वरच्या संस्थांची पट्टी वसूल करण्यास सरळ नकार दिला आणि लॅन्सबरींसह 30 जण तुरुंगात गेले.

इथे ॲटलींची भूमिका पाहण्यासारखी आहे. आता ते महापौर नव्हते, 1920 पासून त्याच सभागृहात ॲल्डरमन (नगरसेवकांनी निवडलेले सदस्य) होते. ज्याने वर्षभर कायद्याच्या कलमांवर बोट ठेवून मालकांना वठणीवर आणले, त्याने कायदेभंगाला विरोध केला असता तर आश्चर्य वाटले नसते. लंडनच्या मजूर पक्षाचे हर्बर्ट मॉरिसन तसा विरोध करतच होते. ॲटलींनी मात्र पॉप्लरच्या बाजूने कौल दिला आणि स्टेपनीनेही त्याच वाटेने जाण्याचा ठराव केला. ठराव प्रत्यक्षात उतरण्याआधीच सरकार नमले आणि बेकारांना घरपोच दिल्या जाणाऱ्या मदतीचा खर्च सगळ्या लंडनने मिळून उचलावा असा कायदा 1921 मध्येच झाला. यात विसंगती आहे असे मला वाटत नाही. नोटीस चालते तिथे नोटीस, आणि कायद्याची रचनाच अन्याय करते तिथे ती बदलण्यासाठी दबाव, हा फरक त्यांना महापौरपदाच्या वर्षाने शिकवला असावा. ज्या गरिबांच्या कायद्याविरुद्ध ते 1909 मध्ये राबले तो शेवटी 1948 मध्ये त्यांच्याच सरकारने रद्द केला.

फ्यूज काढल्याचा दावा

नोव्हेंबर 1922 मध्ये ॲटली लाइमहाउसमधून संसदेत गेले, पण स्टेपनीचे ॲल्डरमनपद त्यांनी 1927 पर्यंत ठेवले. 1925 मध्ये त्यांनी नगरसेवकांच्या कामावर एक पुस्तकही सहलेखक म्हणून लिहिले. बरोच्या वीज समितीचे ते अध्यक्ष होते, आणि महापौर असताना जे घडले नाही ते या समितीमुळे घडले: दुसऱ्यांना नोटिसा पाठवणारा वकील स्वतः प्रतिवादी झाला.

मे 1926 च्या सार्वत्रिक संपात वीज कामगारांची संघटनाही उतरली होती. ॲटलींच्या समितीने संघटनेशी तडजोड केली की कामगारांनी वीजकेंद्र चालू ठेवावे, इस्पितळांना पुरवठा व्हावा, लोकांना दिव्यापुरती वीज मिळावी, पण कारखान्यांना यंत्रे चालवण्यासाठी ती देऊ नये. स्कॅमल अँड नेफ्यू या कंपनीचे फ्यूज काढण्यात आले. संप मिटल्यावर या कंपनीने ॲटली आणि समितीतील त्यांच्या पक्षाच्या सहकाऱ्यांवर संगनमताने नुकसान केल्याचा दावा लावला.

ॲटलींच्या बाजूने पाहिले तर तडजोड नसती तर केंद्रच बंद पडले असते आणि इस्पितळेही अंधारात गेली असती. कंपनीच्या बाजूने पाहिले तर सार्वजनिक संस्थेने आपल्या ग्राहकाला वीज द्यायची असते, आणि कोणाला तोडायची हे संपवाल्यांशी बसून ठरवण्याचा तिला अधिकार नसतो. दोन्ही बाजूंत तथ्य आहे, आणि वीज समितीचा अध्यक्ष व मजूर पक्षाचा खासदार या दोन टोप्या एकाच डोक्यावर असल्यामुळे कोर्टात हेतूचा प्रश्न निघणे अटळ होते. खालच्या कोर्टाने निकाल विरुद्ध दिला आणि 300 पौंडांची भरपाई ठोठावली. तेव्हा खासदाराचा वार्षिक पगार 400 पौंड होता आणि घरी लहान मुले होती. ॲटलींनी राजकारण सोडण्याचा गंभीरपणे विचार केला. पुढे अपिलात निकाल फिरला आणि भरपाई टळली.

हे प्रकरण कोर्टात असतानाच, 1927 मध्ये, त्यांची सायमन आयोगावर नेमणूक झाली. तो आयोग फेब्रुवारी 1928 मध्ये मुंबई बंदरात उतरला तेव्हा काळ्या निशाणांनी त्याचे स्वागत झाले, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात पुण्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी त्याच्यापुढे साक्ष दिली. समोर बसलेल्या सदस्यांपैकी ॲटली हे एक होते. आयोगाचे काम लांबेल हे दिसत असल्याने त्यांनी स्टेपनीचे ॲल्डरमनपद सोडले. वीज समितीचे अध्यक्षपदही त्याबरोबर गेले.